पंख्याचे तीन आवाज

दिवाळीनंतर बंद केलेला लेकीच्या खोलीतला पंखा २ फेब्रुवारी २०२५ ला, रविवारी दुपारी, पहिल्यांदा लावला. पहिली दोन मिनिटं काही नाही. मग वेग धरला आणि सुरू झालं. घर्र, टिक, घर्र, टिक, आणि त्याच्या मागं मधमाश्यांच्या पोळ्याजवळ गेल्यासारखी सतत गुणगुण. लेक दहावीला, पेपर २१ तारखेपासून. थंडी सरली की कोल्हापुरात दुपारचं ऊन एकदम अंगावर येतं, आणि आमचं घर मंगळवार पेठेत, वरचा मजला, स्लॅब तापणारा. पंख्याशिवाय ती खोली चालत नाही आणि पंखा लावला तर तिचं वाचन चालत नाही, अशी गत.

हे सगळं लिहून ठेवतेय कारण त्या पाच आठवड्यांत मी जे जे शोधलं त्यातलं निम्मं मला उशिरा कळलं. पंखा वाजतो ही तक्रार सगळ्यांची असते, आणि उत्तरही सगळ्यांना एकच मिळतं: तेल घाला, नाहीतर नवीन घ्या.

पंखा १४ मे २०२३ ला घेतलेला, दोन वर्षांची वॉरंटी. म्हणजे अजून तीन महिने हातात होते. सोमवारी सकाळी ऑफिसला जाण्याआधी कंपनीच्या टोल फ्री नंबरवर फोन लावला. त्यांनी दोन गोष्टी मागितल्या: पंख्याचा सिरियल नंबर आणि बिल. नंबर मोटरच्या वरच्या अंगाला चिकटवलेल्या कागदावर असतो, खालून दिसत नाही. स्टुलावर चढून, मोबाईल वर धरून फोटो काढला तेव्हा वाचता आला. बिल फाईलमध्ये होतं, पण मशीनमधून येतात तसल्या गुळगुळीत कागदावरचं. काढून बघते तर कागद कोरा. एका कोपऱ्यात दुकानाच्या नावाची फिकट सावली तेवढी उरलेली.

४ तारखेला संध्याकाळी लक्ष्मीपुरीत त्या दुकानात गेले. मालकांनी कॉम्प्युटरमध्ये तारीख आणि माझा मोबाईल नंबर टाकला, जीएसटीचं बिल सापडलं, छापून शिक्का मारून दिलं. पैसे घेतले नाहीत. घेताना मोबाईल नंबर दिला होता म्हणूनच ते सापडलं. तेव्हापासून असलं बिल हातात आलं की मी दुकानाच्या पायरीवरच त्याचा फोटो काढते.

तक्रार क्रमांक मिळाला, आणि ७ तारखेला, शुक्रवारी, कंपनीचा मुलगा आला. विशीतला असेल, त्या दिवशीचं आमचं नववं घर होतं म्हणाला. त्याने पात्यांचे स्क्रू आवळले, कंडेन्सर बदलला, पंखा पाचवर लावून दाखवला. टिकटिक थांबली होती. घरघर आहे का, तर रस्त्यावरच्या गाड्यांच्या आवाजात नीट कळेना. त्याने मोबाईल पुढे केला, "मॅडम, ओटीपी आलाय बघा, सांगा." मी सांगितला. तो ओटीपी म्हणजे काम झालं, तक्रार बंद, याची माझी संमती होती. हे मला दोन दिवसांनी कळलं, पुन्हा फोन केला तेव्हा. तुमच्याकडे कुणी आलं तर एक करा: पंखा सगळ्या नंबरांवर, निदान पंधरा मिनिटं, खिडक्या लावून चालवून बघा, आणि मगच ओटीपी द्या. माणूस घाईत असतो, त्याच्या डोक्यावरही टार्गेट असतं, पण रात्र आपल्याला काढायची असते.

कंडेन्सर म्हणजे मोटरला जोर देणारा छोटा भाग, त्याबद्दल इथेच सांगते. तो खराब झाला की पंखा हळू फिरतो किंवा हाताने ढकलल्याशिवाय सुरू होत नाही. आमचा पंखा वेगाने फिरतच होता. म्हणजे त्या आवाजाचा कंडेन्सरशी फारसा संबंध नव्हता.

त्याच रात्री लेकीने पंखा दोनवर केला आणि गुणगुण जशीच्या तशी. दुसऱ्या रात्री टिकटिकही परत आली. ९ तारखेला नवीन तक्रार. जुनी पुन्हा उघडता येत नाही, नवाच नंबर मिळाला. १२ तारखेला दुसरा माणूस आला, जरा मोठा. पंखा लावला, मिनिटभर बघितलं आणि म्हणाला, "एवढा आवाज सगळ्याच पंख्यांना असतोय. तुमच्या शेजारी फरशीचं काम झालंय, धूळ गेलीया आत. धूळ वॉरंटीत येत नाही. आणि रेग्युलेटर बदला." वर व्हिजिटचे २५० रुपये मागितले. मी वॉरंटी कार्ड समोर ठेवलं आणि व्हिजिट चार्ज कुठे लिहिलाय ते दाखवा, पावती द्या, देते, म्हटलं. पावती नाही म्हणाला, पैसे न घेता गेला. ओटीपी या वेळी मी दिला नाही. रागाने हात थरथरत होते. लेकीला काही बोलले नाही, तिच्या हातात भूमितीचं पुस्तक होतं.

संध्याकाळी जिन्यात खालचे अण्णा भेटले. शिवाजी उद्यमनगरातल्या एका वर्कशॉपमध्ये ऑइल इंजिनचे पार्ट करत पस्तीस वर्षं लेथवर उभे राहिलेला माणूस. मी काही सांगायच्या आतच म्हणाले, "पोरी, तुझा पंखा माझ्या छताला ऐकू येतोय गं." वर आले, खोलीच्या मधोमध खुर्ची ओढून बसले.

"लाव. दोनवर."

लावला.

"आता बटण बंद कर, आणि गप ऐक."

बटण बंद केलं. गुणगुण त्या क्षणी मेली, जणू कुणी तोंडावर हात ठेवला. पाती फिरतच होती. घरघर आणि टिकटिक मात्र चालूच, पात्यांबरोबर हळूहळू मंदावत गेली आणि शेवटच्या फेरीला थांबली.

"बघ," अण्णा म्हणाले, "बटणासंगं मेला तो करंटचा. पंखा थांबेस्तोवर ऱ्हायला तो लोखंडाचा. दोन दुखणी हाईत तुझ्या पंख्याला, तीनबी असतील. समद्यांवर एकच औषध कसं चालंल?"

दहा दिवस मी एकच आवाज धरून बसले होते. तक्रारीतही तेच लिहिलं होतं, पंखा वाजतोय. येणारा माणूस एक काहीतरी दुरुस्त करून जात होता आणि उरलेलं तसंच राहात होतं. त्या रात्री वहीत तीन रकाने पाडले: गुणगुण, टिकटिक, घरघर. एका वेळी एकच धरायचा आणि एकच गोष्ट बदलायची, असं ठरवलं.

गुणगुण आधी घेतली, कारण ती सोपी होती. पाचवर अगदी कमी, दोन-तीनवर सगळ्यात जास्त. हे लक्षण रेग्युलेटरचं. आमच्या बोर्डावर जुना गोल फिरवायचा, दिव्याच्या डिमरसारखा रेग्युलेटर होता. तो वेग कमी करण्यासाठी विजेची लाट मधूनमधून कापतो. आपली वीज सेकंदाला ५० आवर्तनांची, आणि अशी तुकड्यातुकड्यांची वीज मिळाली की मोटरचे पत्रे थरथरतात, म्हणून ती गुणगुण. स्टेपचा, आत कपॅसिटर असलेला रेग्युलेटर लाट कापत नाही, मोटरला मिळणारा दाबच कमी करतो. म्हणजे त्या दुसऱ्या माणसाने रेग्युलेटरचं सांगितलं होतं ते बरोबर होतं, फक्त तो तेवढं एकच सांगून सुटला. १३ तारखेला स्टेपचा रेग्युलेटर आणला, ३२० रुपये. वायरमन बोलावला, त्याचे १५०. बोर्ड उघडण्याआधी त्याने एमसीबी, म्हणजे घरातली वीज तोडणारा खटका, पाडली आणि तरीही टेस्टर लावून बघितला. तुम्ही स्वतः करणार असाल तर हे दोन्ही करा, एकावर भागवू नका. संध्याकाळी पंखा दोनवर, गुणगुण शून्य. एक रकाना खोडला.

(नवीन रिमोटचे, कमी वीज खाणारे बीएलडीसी पंखे घेणाऱ्यांसाठी: त्यांना भिंतीवरचा रेग्युलेटर चालत नाही, तो काढून सरळ बटण ठेवायचं असतं. माझ्या बहिणीकडचा नवा पंखा गुणगुणत होता तो एवढ्यामुळेच.)

टिकटिकीला शनिवार गेला, १५ तारीख. अण्णांनी एका पात्याच्या टोकाला पांढरी डॉक्टरी चिकटपट्टी लावायला सांगितली. पंखा एकवर ठेवला. पट्टी कपाटावरून गेली की टिक, पुन्हा कपाटावर आली की टिक. दर फेरीला एक. फेरीला तीन टिक असते तर तिन्ही पाती कशाला तरी लागतायत असं धरायचं, एखादी लोंबणारी वायर, वरचा कप (रॉडवरचं टोपीसारखं झाकण). एकच म्हणजे फिरणाऱ्या भागातल्या एकाच जागेचा दोष. एमसीबी पाडून मी शिडीवर चढले, लेकीने शिडी धरली. प्रत्येक पातं मोटरला स्क्रूंनी बसवलेलं असतं. एकेक स्क्रू पिळून बघितला. पट्टीच्या शेजारच्या पात्याचा एक स्क्रू बोटाने हलत होता, आणि त्याच्याखाली स्प्रिंग वॉशर नव्हताच. पहिल्या मुलाने तो आवळला होता खरा, पण वॉशर नसल्यावर थरथरीने सुटणारच. म्हणून एक दिवस शांत आणि मग परत टिकटिक. अण्णांच्या डब्यात तसला वॉशर निघाला. बसवला, आवळला. वर असतानाच खालचा कप घसरून मोटरला घासत नाही ना तेही बघितलं. तो अर्धं बोट खाली आलेला होता, वर सरकवून त्याचा स्क्रू घट्ट केला. दुसरा रकाना खोडला.

राहिली घरघर.

रविवारी सकाळी अण्णा एक लांब स्क्रू-ड्रायव्हर आणि फुलपात्राएवढा पत्र्याचा डबा घेऊन आले. डब्यात जुनी बेअरिंगं. त्यातली दोन माझ्या तळहातावर ठेवली, एकाच मापाची. ६२०२ नंबरची, आतलं भोक १५ मिलिमीटर, बाहेरून ३५. घरगुती पंख्यांत बहुतेक ह्याच जातीची असतात म्हणाले. "फिरव." पहिलं बोटाने फिरवलं तर लोण्यावरून सुरी जावी तसं गेलं, आवाज नाही. दुसरं फिरवलं तर बोटाला आत वाळू असल्यासारखी लागली, मध्येच अडकायचं, पुन्हा सुटायचं. तो कर्कर मी आधी बोटाने ओळखला, कानाने नंतर.

मग ते स्टुलावर चढले. एमसीबी पाडलेली. छताच्या पंख्यात बाहेरची मोटर फिरते आणि वरच्या रॉडला जोडलेला आतला दांडा स्थिर असतो, हे मला तोवर माहीत नव्हतं. म्हणूनच स्क्रू-ड्रायव्हरचं टोक रॉडवर ठेवता येतं. टोक रॉडला, मूठ कानामागच्या हाडाला, आणि दुसऱ्या हाताने पातं हळूच ढकललं. डोळे मिटून ऐकत राहिले. खाली उतरून मला चढायला सांगितलं. मीही तसंच केलं. मुठीतून कवटीत ती वाळू ऐकू आली, तळहातावरच्या दुसऱ्या बेअरिंगसारखी हुबेहूब.

"बेअरिंग गेलंय. वरचं नक्की, खालचंबी बदलून घे. आणि तेल घालू नगंस कुणी कितीबी सांगू दे." ह्या बेअरिंगना दोन्ही बाजूंनी पत्र्याची झाकणं असतात, आत कारखान्यातून भरलेलं ग्रीस. बाहेरून सोडलेलं पातळ तेल आत नीट पोचत नाही, आणि जे पोचतं ते ग्रीस धुऊन काढतं. दोन दिवस शांत, मग आधीपेक्षा वाईट.

अण्णा उद्यमनगरात नेऊन तासाभरात दोन्ही बदलून आणायला तयार होते. माझं मनही तिकडेच ओढत होतं. पण मोटर बाहेर उघडली की वॉरंटी संपली असं कार्डावर स्पष्ट लिहिलं होतं, आणि २१ महिन्यांत गेलेलं बेअरिंग माझ्या पैशाने का बदलायचं हा प्रश्न मला सोडवत नव्हता.

१७ तारखेला, सोमवारी, १९१५ वर फोन केला. हा राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनचा नंबर. मराठीत बोलता येतं. पलीकडच्या बाईंनी दोन्ही तक्रारींचे क्रमांक, तारखा, बिल, वॉरंटी कार्ड असं सगळं क्रमाने विचारलं. मी वही उघडी ठेवूनच बसले होते, त्यामुळे सात-आठ मिनिटांत झालं. "पंखा वाजतो" असं न म्हणता मी सांगितलं: वीज बंद असताना हाताने फिरवला तरी घरघर येते, बेअरिंगचा दोष आहे, कंपनीचा माणूस धुळीचं कारण सांगतोय आणि कार्डावर धुळीचा उल्लेख नाही. हाताने फिरवतानाचा अर्ध्या मिनिटाचा व्हिडिओही काढून ठेवला होता. मेसेजवर डॉकेट नंबर, म्हणजे तक्रारीचा नंबर, आला. इथे तोडगा निघाला नसता तर पुढची पायरी जिल्हा ग्राहक आयोगाची. पाच लाखांपर्यंतच्या दाव्याला तिथे फी नाही, हेही त्या दिवसांत वाचून ठेवलं होतं. तिथवर जावं लागलं नाही.

२० तारखेला कंपनीतून फोन. सूर पूर्ण वेगळा. व्हिडिओ मागितला, पाठवला. तासाभराने सांगितलं, पंखा सर्व्हिस सेंटरला न्यावा लागेल. कधी? परवा. परत कधी? आठ दिवस. दुसऱ्या दिवशी लेकीचा पहिला पेपर. मी "न्या" म्हटलं आणि फोन ठेवल्यावर बराच वेळ स्वयंपाकघरात नुसती उभी राहिले, की परीक्षेच्या तोंडावर हे करून मी तिचं वाईट करतेय की काय. तिला विचारलं तर म्हणाली, "आई, ने त्याला. घरघर ऐकत बसण्यापेक्षा घाम परवडला."

२२ ला पंखा उतरवला. नेताना पावतीवर सिरियल नंबर, पात्यांची संख्या आणि "रॉड व कप घरी ठेवले" एवढं लिहून घेतलं. पाती तिन्ही त्याच पंख्याची परत यायला हवीत, कारण ती वजनाने जुळवलेला संच असतो. दुसऱ्या पंख्याचं एक पातं मिसळलं की पंखा डुलतो. पात्यांच्या मागच्या बाजूला मी मार्करने १, २, ३ घातलं.

आठ दिवसांचे दहा झाले. त्या दहा रात्री बाबांच्या, म्हणजे माझ्या सासऱ्यांच्या, खोलीतला टेबलफॅन लेकीला दिला. ते अंगणात बाज टाकून झोपले, "मला वाराच बरा" म्हणत. मध्ये दोनदा मी फोन केला, एकदा उत्तर मिळालं.

४ मार्चला पंखा आला. पावतीवर दोन्ही बेअरिंग बदलल्याची नोंद, रक्कम शून्य. बसवून झाल्यावर मी त्या मुलाला चहा दिला, खिडक्या लावल्या, आणि पंखा एक ते पाच सगळ्या नंबरांवर तीन-तीन मिनिटं चालवला. बटण बंद करून थांबेपर्यंत ऐकलं. मग ओटीपी सांगितला.

एक शेवटची गोष्ट उरली होती आणि ती अण्णांनीच काढली. पंखा शांत झाला तरी त्यांच्या छताला अजून बारीक थरथर येत होती. ९ तारखेच्या रविवारी वरचा कप उतरवला तर हुकातलं रबरी रीळ दगडासारखं कडक झालेलं, एका बाजूने चिरलेलं. पंख्याची थरथर स्लॅबमध्ये जाऊ नये म्हणून तिथे रबर असतं, आणि ते जुन्या पंख्याचंच वर्षानुवर्षांचं राहिलं होतं. नवा पंखा बसवताना कुणी बदललं नव्हतं. नवं रीळ आणि नव्या दोन पिना मिळून ४० रुपये. पिनेची टोकं दोन्हीकडे नीट वाकवलीत ना हे डोळ्यांनी बघून घ्या. सगळा पंखा त्या बोटभर पिनेवर लटकलेला असतो.

एकूण खर्च ५१० रुपये आणि रिक्षाभाडं. १७ मार्चला लेकीचे पेपर संपले.

वॉरंटी १३ मे २०२५ पर्यंत होती. कॅलेंडरवर १ मेच्या चौकोनात मी लिहून ठेवलं होतं: रात्री सगळं बंद करून पंखा ऐकणे. काही सापडलं असतं तर तक्रारीला बारा दिवस हातात राहिले असते.